कपाटातला माल

चौथी शिकलेली बाई कारखान्याबद्दल काय लिहिणार, असं कोणाला वाटेल. लिहिणाऱ्यांनी पुष्कळ लिहिलंय. सरकारी कारखाने तोट्यात जातात, सरकारी कामगार ऐतखाऊ असतात, हे मी पेपरात वाचलंय आणि शेअर रिक्षातही ऐकलंय. त्यातलं थोडं खरं आहे. मशीनमागे पुठ्ठा टाकून झोपलेले पुरुष मी पाहिलेत, त्यांचे पाय उचलायला लावून खालून झाडू फिरवलाय. पण आमच्याकडे जे झालं ते झोपणाऱ्यांमुळे झालं नाही. काम करणाऱ्यांमुळे झालं, आणि अक्कल माझी होती. म्हणून मीच लिहिते.

आमचा कारखाना अंबरनाथचा. पितळेचे व्हॉल्व्ह बनतात. गिऱ्हाईक एकच, सरकारी खाती. मालकही सरकारच. नवरा तिथे कामाला होता, तो गेला तेव्हा त्याच्या जागी मला घेतलं. मशीन नाही दिली. लेथवर पितळ कातलं की त्याचा चुरा पडतो, तो पाट्यांत भरायचा, गाडीवर घालून भंगारच्या यार्डात न्यायचा, आणि खाली झाडून काढायचं. निवृत्त होईपर्यंत मी तेच केलं. मला त्याची लाज नाही.

कारखान्यात एक रीत होती. बाहेरच्या माणसाला ती कळत नाही, म्हणून नीट सांगते. दर माणसाला दिवसाचा ठरलेला आकडा असायचा, इतके नग झालेच पाहिजेत. हा आकडा ठरवायला एक साहेब हातात घड्याळ घेऊन मशीनजवळ उभा राहायचा. चांगला कारागीर जेवणाच्या सुट्टीनंतर तासाभरात आकडा पुरा करायचा. मग तो उरलेल्या वेळात केलेले नग दाखवायचा नाही. तेलाच्या फडक्यात गुंडाळून आपल्या कपाटात ठेवायचा. कारण जास्त दाखवले की घड्याळवाला यायचा आणि आकडा वाढवायचा. ज्या दिवशी वीज जायची, किंवा माल वेळेवर यायचा नाही, किंवा अंगात ताप असायचा, त्या दिवशी कपाटातले नग बाहेर निघायचे. त्याला सगळे लोणचं म्हणायचे. "आज भाजी नाही, लोणच्यावर भागवतो," असं एखादा म्हणाला की समजायचं, त्याची मशीन बिघडलीय.

ही चोरी नव्हती. नग कारखान्यातच राहायचे आणि एक ना एक दिवस कारखान्यालाच मिळायचे. फोरमनला माहीत होतं. त्याच्या आधीच्या फोरमनलाही माहीत होतं.

माझी सून मी झाडायचे त्याच खात्यात लेथवर होती. बदलापूरच्या पुढच्या गावातली, शेतकऱ्याची मुलगी. आयटीआय करून, परीक्षा देऊन लागली, माझ्या ओळखीने नाही. तिचा हात चांगला. मुलगा उल्हासनगरला कॅम्प तीनमध्ये जीन्सच्या कारखान्यात कटिंग मास्तर आहे. सीझन असला की काम, नसला की घरी. घर सुनेच्या नोकरीवर चालतं. हे मुलाला आवडत नाही, पण खरं आहे.

काही वर्षांपूर्वी सरकारने कारखान्याची कंपनी केली. मालकी सरकारचीच, पण आता ऑर्डर आपली आपण मिळवायची. गिऱ्हाईक खात्यांना सांगितलं, स्वस्त मिळेल तिथून घ्या. उल्हासनगरच्याच कॅम्प चारमध्ये गल्लीतल्या गाळ्यात आमच्यासारखाच दिसणारा व्हॉल्व्ह बनतो. हातात घेतला की हलका लागतो, पण कागदावर वजन कोण बघतं. आमच्या ऑर्डरी आटल्या.

मग एक दिवस सून घरी आली ती चप्पल न काढताच खुर्चीत बसली. म्हणाली, "आई, कमिटी येणार आहे. तीन दिवस प्रत्येक खात्यात बसणार. ज्या खात्यात काम कमी दिसेल त्याच्या मशिनी परराज्यातल्या कारखान्यात नेणार. माणसंही."

"कुठे?"

"रेल्वेने दीड दिवस लागतो."

"आणि नाही गेलं तर?"

"नाही गेलं तर राजीनामा."

नात दहावीत होती. स्वयंपाकघरातून तिने ऐकलं, पण बाहेर आली नाही. मुलगा म्हणाला, "राजीनामा दे. बघू काहीतरी." सून त्याच्याकडे बघत राहिली. तिला राजीनामा द्यायचा नव्हता आणि मुलीला सोडून जायचंही नव्हतं. तिला इथेच राहून तीच मशीन चालवायची होती. एवढंच हवं होतं तिला, जास्त नाही. मलाही तेच हवं होतं. ते तिच्यावरच्या प्रेमाने म्हणत नाही. या वयात मला पुन्हा चूल सांभाळायची नव्हती.

मी विचारलं, "तुमच्या खात्यात लोणचं किती असेल?"

ती म्हणाली, "भरपूर. सहा महिन्यांपासून घड्याळवाला फिरकला नाही."

"मग काढा. तीन दिवस सगळ्यांनी काढा. आकडा दुप्पट दाखवा. एवढं काम देणारं खातं कोण हलवेल?"

तिने चप्पल काढून बाजूला ठेवली. मग म्हणाली, "पण आई, जास्त दाखवायचं नाही, असं तर तुम्हीच मला पहिल्या दिवशी सांगितलं होतंत."

"ते घड्याळवाल्यासाठी. ही कमिटी आहे."

मुलगा हसला. म्हणाला, "आई, माझ्या शेठला मी एका दिवशी शंभर पँटी कापून दाखवल्या ना, तर दुसऱ्या दिवशी म्हणतो, कल किया था ना, तो आज क्यों नहीं होगा? आणि एका माणसाला घरी बसवतो."

मी म्हणाले, "तुझा शेठ दुकानदार आहे. हे सरकार आहे. सरकारला माणसं काढून काय मिळणार?"

"आता कंपनी आहे ती."

"तू तुझ्या पँटी काप."

तो उठून बाहेर गेला. त्याचं बरोबर होतं. पण जन्मभर सरकारी पगार खाल्लेल्या माणसाला शेठचा हिशेब कळत नाही. आमच्याकडे चांगलं काम केलं तर कोणी शाबासकी दिली नाही, पण त्यासाठी कोणाला काढलंही नाही. मला वाटलं, कागदावर नाव बदललंय, आतला सरकारी स्वभाव तोच असेल.

सुनेने खात्यात विषय काढला. वीस माणसं. युनियनवाल्याला पटलं, फोरमननेही मान वळवून घेतली, म्हणजे हो. शेजारच्या मशीनवरची बाई तेवढी म्हणाली, "मी नाही काढणार. ताप आला की काय दाखवू?" तिलाही सगळ्यांनी गळ घातली, तेव्हा तीही तयार झाली.

कमिटीत तीन माणसं होती. त्यातली एक तरुण बाई, हातात टॅब. ती घड्याळ लावत नव्हती, आवाज चढवत नव्हती. प्रत्येक मशीनजवळ थोडं थोडं उभी राहायची आणि लिहायची. पहिल्या दिवशी संध्याकाळी सून आली ती हसतच. म्हणाली, "आई, दुप्पट गेला. मॅडम म्हणाल्या, व्हेरी गुड."

मी भाकरी थापत होते. विचारलं, "चुरा किती पाट्या निघाला?"

ती म्हणाली, "रोजच्याइतकाच."

बोलली आणि तिचं हसू गेलं. मी तवा उतरवला. किती नगांना किती पाट्या चुरा पडतो ते माझ्याइतकं कोणाला माहीत असेल? नग दुप्पट आणि चुरा तेवढाच. लेथवर न कातता व्हॉल्व्ह झाडाला लागले काय? ज्याला काम समजतं तो आधी चुरा बघतो. त्या बाईने बघितला असेल तर खातं संपलं, आणि खोटं दाखवलं म्हणून वर नोटीस.

"बघितला तिने?"

"माहीत नाही. एकदा वाकली होती खाली."

"खाली म्हणजे कुठे? चुरा पडतो त्या ट्रेजवळ?"

"मला नाही माहीत आई! मी मशीन बघू की तिला बघू?"

मी यार्डाच्या स्टोअरकीपरला फोन लावला. तो माझ्या वेळचा, अजून निवृत्त झालेला नाही. सांगितलं, उद्या सकाळी भोंग्याच्या आधी आठवड्यापूर्वीचा चुरा खात्यात परत पाठव. तो म्हणाला, "ताई, चुरा यार्डातून बाहेर काढायला कागद लागतो."

"आणि आत यायला?"

"आत यायला काही नाही."

"मग तो आलाच नव्हता असं समज."

त्याने किती पाट्या लागतील ते विचारून घेतलं. मग म्हणाला, "तुम्ही होतात तेव्हाही अशाच होतात."

मग सुनेला बसवून सांगितलं. जुना चुरा सुकून काळा पडतो, ताजा पिवळा आणि ओला असतो. मशीनवर दुधासारखं पाणी सोडतात, पितळ तापू नये म्हणून. त्या पाण्यात जुना चुरा भिजवायचा, मशीनखालच्या ट्रेच्या तळाशी घालायचा आणि वर ताजा पडू द्यायचा. पाट्या ओतायच्या त्या चहाच्या वेळेला, कमिटी कँटीनला गेल्यावर. सून मान हलवत होती. 

दुसऱ्या दिवशी मी घरी बसून होते. मुलगा कामावर, नात शाळेत. शिवमंदिराकडे जाणारी माणसं खिडकीतून दिसत होती. मला देवाकडे जायची सवय नाही. डाळ निवडली, पुन्हा निवडली. चहाची वेळ झाली तेव्हा मनात म्हटलं, आता ओतत असतील. भोंगा झाला तेव्हा दारात जाऊन उभी राहिले.

सून आली. म्हणाली, "तिने ट्रेमध्ये हात घातला."

"मग?"

"म्हणाली, हा थंड का आहे? मशीनमधून पडल्यावर गरम नसतो का?"

"तू काय म्हणालीस?"

"म्हटलं, मॅडम मी पाणी जास्त सोडते, टूल टिकतं."

"आणि ती?"

"हसली. लिहिलं काहीतरी."

हसली म्हणजे काय, हे आम्ही दोघींनी जेवण होईपर्यंत चघळलं. सून म्हणे समजलं तिला. मी म्हणे समजलं असतं तर हसली नसती. तिसरा दिवसही तसाच गेला. कमिटी गेली. कपाटं रिकामी झाली.

तीन आठवड्यांनी सूचनाफलकावर कागद लागला. आमचं खातं उत्तम, खातं इथेच राहणार. सुनेने फोटो काढून मुलाच्या फोनवर पाठवला. मुलाने येताना पेढे आणले. म्हणाला, "आई, तू जिंकलीस." मी म्हणाले, "सांगितलं होतं ना, सरकार आहे." ते वाक्य मला अजून ऐकू येतं. पेढे चांगले होते.

दुसरा कागद त्यानंतर दहा दिवसांनी आला. त्यात लिहिलं होतं की तीन दिवसांच्या पाहणीत दिसलेल्या वेगाने खात्याला एवढी माणसं लागत नाहीत. दहा पुरेत. उरलेल्या दहा जणांची बदली, त्याच परराज्यातल्या कारखान्यात. नोकरीत जे शेवटी लागले ते आधी जाणार. सुनेचं नाव सातवं होतं. कपाट उघडायला आधी नाही म्हणालेली शेजारची बाई जुनी, म्हणून ती राहिली. पण राहिली ती दोन मशिनींवर, दुप्पट आकड्यावर, आणि आता तिच्याही कपाटात काही नव्हतं.

सुनेने कागद टेबलावर ठेवला. मुलाने वाचला. शेठचं नाव त्याने काढलं नाही. काढलं असतं तर बरं झालं असतं.

मी दुसऱ्या दिवशी कारखान्यात गेले. गेटवर सांगितलं पेन्शनचं काम आहे, आणि थेट मोठ्या साहेबांच्या केबिनपाशी जाऊन बसले. साहेब नवीन इंजिनियर म्हणून आले होते तेव्हा सँडल घालून खात्यात आले होते, मीच त्यांना बाहेर काढलं होतं, की चुऱ्याने पाय कापेल. त्यांनी ओळखलं. चहा सांगितला.

मी म्हणाले, "साहेब, तो आकडा खोटा आहे. ती माणसं तेवढं काम करत नाहीत. कोणीच करू शकत नाही. कपाटातला माल होता तो, सहा महिन्यांचा. मी काढायला लावला, आणि यार्डातून जुना चुराही मीच आणवला."

साहेबांनी पेनाचं टोपण लावलं. उठून दार लोटून घेतलं. म्हणाले, "मावशी, तुम्ही हे बोललात आणि मी ऐकलं, असं धरायचं का?"

"म्हणजे?"

"ऐकलं असं धरलं, तर मला वर लिहावं लागेल. खोटी नोंद केली म्हणून वीसच्या वीस लोकांना नोटीस. फोरमनला, स्टोअरकीपरलाही. आणि कमिटी म्हणेल, खरा आकडा निम्मा आहे ना, मग खातंच हलवा. मग वीसही जातील. नाही ऐकलं असं धरलं, तर दहा राहतात."

"तुम्हाला माहीत होतं?"

ते खिडकीकडे बघत म्हणाले, "मी पंधरा वर्षं याच खात्यात होतो, मावशी. मला लोणचं माहीत नसेल?"

"मग कमिटीला का नाही सांगितलंत?"

"तेव्हा मला पण वाटलं, दुप्पट दिसलं तर खातं वाचेल."

म्हणजे इंजिनियर झालेला माणूसही माझ्याच पायरीवर होता. त्याने मला काही बरं वाटलं नाही. चहा आला. मी प्यायले नाही. त्यांनी पुन्हा विचारलं, "काय धरू?"

माझ्या घरातली एक जात होती. मी बोलले असते तर दुसऱ्यांच्या घरातले आणखी दहा जाणार होते, आणि माझी तरीही वाचणार नव्हती. हा हिशेब करायला चौथीसुद्धा लागत नाही.

मी म्हणाले, "नाही ऐकलं धरा."

घरी येऊन सुनेला सगळं सांगितलं. लपवलं असतं तर तिला दुसऱ्या कोणाकडून कळलंच असतं. तिने ऐकून घेतलं. विळी पुढे ओढून वांगी चिरायला घेतली. मला वाटलं होतं, रागावेल, चार शब्द बोलेल. मी तयारही होते. तिने विचारलं ते वेगळंच. "तिकडे क्वार्टर मिळतं का, ते विचारलंत का साहेबांना?"

"राजीनामा देणार होतीस ना?"

"हे म्हणाले होते राजीनामा दे. मी कधी म्हटलं? मी परीक्षा देऊन लागलेय आई. कोणाच्या कपाटातून नाही आले."

मुलगा दारात उभा होता. म्हणाला, "आणि पोरीची दहावी?"

"तुम्ही आहात ना. आई आहेत."

माझ्याकडे कोणी विचारायला बघितलं नाही. मी ज्यासाठी एवढं सगळं केलं होतं, ती चूल माझ्याच गळ्यात आली. मी नाही म्हणाले नाही. कोणत्या तोंडाने म्हणणार?

ती सोमवारी सकाळी गेली. रिक्षा दारात उभी होती, कल्याणहून गाडी होती. मुलगा सामान ठेवत होता. नात रडत होती, सून नव्हती रडत. तिने माझ्या पायाला हात लावला तो रीत म्हणून. मग म्हणाली, "आई, मी माल काढला तो तुम्ही सांगितलंत म्हणून नाही. मला पण तसंच वाटलं होतं."

मला हलकं करायला बोलली असेल. मला ते नको होतं. मी म्हणाले, "पोहोचलीस की फोन कर."

रिक्षात बसता बसता ती मागे वळली. "हिला उठवायला दोनदा हाक मारावी लागते. तिसरी मारू नका, चिडते ती."

दुसऱ्या दिवशी मी पाचला उठले, डबा केला, आणि नातीला हाक मारली. उठली नाही. थोड्या वेळाने दुसरी मारली. तिने पांघरूण डोक्यावर ओढून घेतलं. शाळेची वेळ होत आली होती. मी तिसरी हाक मारली. ती चिडली, आईला फोन करून सांगते म्हणाली.

मी म्हणाले, "सांग. आधी दात घास."